मोबाइलवर व्हिडिओ अडकला तर आधी काय बघायचं?

(प्रभाग संघाच्या मासिक सभेत एका पशुसखी ताईंनी मोबाइलवरच्या व्हिडिओंच्या अडचणींबद्दल माहिती सांगितली. ज्या गटांना सभेला येता आलं नाही त्यांच्यासाठी ती वार्तापत्रात द्यावी, अशी मागणी झाली. म्हणून ताईंचं बोलणं जवळजवळ जसंच्या तसं देत आहोत. गटाच्या बैठकीत एकीने मोठ्याने वाचावं आणि बाकीच्यांनी फोन हातात घेऊन करून बघावं.)



मला शेळ्यांबद्दल बोलायची सवय आहे. लस कधी द्यायची, जंताचं औषध किती पाजायचं, हे विचारा, मी तासभर बोलेन. पण आज अध्यक्षताईंनी मोबाइलबद्दल बोलायला सांगितलंय. त्याला कारणही तसंच घडलं.

पावसाळ्याआधी आंत्रविषाराची लस का द्यायची, याचा व्हिडिओ मी एका गटात दाखवायला गेले होते. तेवीस जणी बसल्या होत्या. व्हिडिओ लावला आणि ते गोल चाक फिरायला लागलं. फिरतंय, फिरतंय. कोणी म्हणालं, "ताई, तुमचा फोन जुना झालाय." दुसरीने तिच्या फोनवर लावला, तिथं काळा पडदा आणि इंग्रजीत काहीतरी लिहून आलं. तिसरी म्हणाली, "जाऊ द्या ताई, आपल्यासारख्या अडाणी बायांचं हे कामच न्हाई." आणि सगळ्या उठून गेल्या. लशीचं सांगायचं राहिलं ते राहिलंच.

मला व्हिडिओ अडकल्याचं तेवढं वाईट वाटलं नाही. वाईट वाटलं ते त्या वाक्याचं. चाक फिरतंय नेटमुळे आणि आपण दोष देतोय स्वतःच्या डोक्याला! म्हणून पहिली गोष्ट मनाशी पक्की करा. व्हिडिओ अडकणं ही बिघाडाची गोष्ट आहे, अडाणीपणाची नाही. बिघाड असला की तो शोधायचा असतो, आणि शोधणं आपल्याला येतं.

कसं ते सांगते. विहिरीवरची मोटार पाणी उचलत नसली तर आपण लगेच मोटार खोलतो का? नाही. आधी बघतो, लाईट आहे का. मग स्टार्टर बघतो. मग मोटार. आणि सगळं ठीक असूनही पाणी येईना तर वाकून बघतो, विहिरीतच पाणी आहे का! व्हिडिओचंही तसंच आहे. चार जागा बघायच्या, आणि त्याच क्रमाने बघायच्या. नेट म्हणजे लाईट. फोन म्हणजे स्टार्टर. अ‍ॅप म्हणजे मोटार. आणि व्हिडिओ स्वतः म्हणजे विहीर.

बिघाड कुठे आहे हे दोन मिनिटांत कसं ओळखायचं?

काहीही दाबण्याआधी तीन गोष्टी करून बघा.

एक, त्याच अ‍ॅपमध्ये दुसरा कुठलाही व्हिडिओ लावा. तो चालला तर तुमचं नेट, फोन, अ‍ॅप सगळं बरं आहे. बहुतेक पहिल्या व्हिडिओतच काहीतरी आहे.

दोन, दुसरा व्हिडिओही चालत नसेल तर दुसरं अ‍ॅप उघडा. व्हॉट्सअ‍ॅपवर कुणाला फोटो पाठवून बघा. फोटो गेला तर नेट थोडंफार आहे, गडबड अ‍ॅपची असू शकते. फोटोही जाईना तर नेटच नाही.

तीन, शेजारी बसलेल्या ताईच्या फोनवर तोच व्हिडिओ लावा. तिच्याकडे चालला आणि आपल्याकडे नाही, तर बिघाड आपल्या फोनमध्ये किंवा आपल्या पॅकमध्ये.

एवढं केलं की चारपैकी कुठल्या जागेकडे बघायचं ते कळतं. आता एकेक जागा घेऊ.

पहिली जागा : नेट

व्हिडिओ अख्खा एकदम येत नाही. तुकड्या-तुकड्याने येतो. आपण एक तुकडा बघत असतो तेव्हा फोन पुढचे तुकडे आणून साठवत असतो, जसं नळाला पाणी असताना आपण हंडे भरून ठेवतो. हंड्यातलं वापरून संपलं आणि नळाला धार नाही, तर थांबावं लागतं. ते गोल चाक म्हणजे तेच थांबणं. फोन बिघडलेला नाही, तो पुढच्या तुकड्याची वाट बघतोय.

आता धार बारीक का होते? सगळ्यात मोठं कारण, दिवसाचा पॅक संपलेला असतो. आपल्यापैकी पुष्कळ जणींचा रोज दीड जीबीचा पॅक असतो. तो संपला की बहुतेक प्लॅनमध्ये नेट पूर्ण बंद होत नाही, पण वेग ६४ केबीपीएसवर येतो. साधा ३६० चा व्हिडिओ न अडकता बघायला ७०० केबीपीएसच्या आसपास वेग लागतो. म्हणजे लागतं त्याच्या अकराव्या हिश्श्याएवढंच नेट मिळतंय. वर नेटच्या रेघा पूर्ण दिसतात, म्हणून आपल्याला वाटतं रेंज तर आहे! रेंज आहे, पण पॅक नाही. कंपनीचा मेसेज आलाय का बघा, किंवा कंपनीच्या अ‍ॅपमध्ये शिल्लक बघा. पॅक रात्री बारानंतर पुन्हा सुरू होतो.

हा ३६० काय प्रकार आहे? व्हिडिओ चालू असताना पडद्यावर एकदा बोट लावलं की दातेऱ्या चाकासारखं चिन्ह दिसतं. ते दाबून क्वालिटी उघडली की १४४, २४०, ३६०, ४८०, ७२० असे आकडे सापडतात. आकडा मोठा तेवढं चित्र स्वच्छ, पण नेटही जास्त खातो. ढोबळ हिशोब सांगते. ७२० वर तासभर बघितलं तर साधारण एक जीबीच्या वर जातो. ३६० वर तासाला तीनशे एमबीच्या आसपास. म्हणजे तोच दीड जीबीचा पॅक ७२० वर सव्वा-दीड तासात संपेल आणि ३६० वर चार तासांहून जास्त पुरेल. शेळीला लस कुठे टोचायची हे ३६० वर स्वच्छ दिसतं. अगदीच नेट कमी असेल तर १४४ करा. चित्र धूसर दिसेल, पण आवाज नीट येईल. प्रशिक्षणात निम्मं काम ऐकण्याचंच असतं.

पॅक शिल्लक असूनही अडकत असेल तर विमानाचं चिन्ह दाबा, दहापर्यंत मोजा आणि पुन्हा दाबून बंद करा. फोन टॉवरला नव्याने जोडला जातो. पुष्कळदा एवढ्यानेच काम होतं. दोन सिम असतील तर नेट कोणत्या सिमवर चालू आहे तेही बघा. पॅक एका सिमवर आणि नेट दुसऱ्यावर, असं खूप जणींचं होतं.

आणि वेळ बघा. संध्याकाळी सात ते दहा सगळं गाव मोबाइलवर असतं, एकाच टॉवरवर गर्दी होते. पहाटे तोच व्हिडिओ सरळ चालतो. लाईट जाऊन बराच वेळ झाला असेल तर टॉवरची बॅटरीही उतरते. तेव्हा कितीही बटणं दाबा, उपयोग नाही. थांबायचं.

दुसरी जागा : फोन

फोनचं पहिलं औषध म्हणजे बंद करून चालू करणं. हसू नका. महिना-महिना आपण फोन बंदच करत नाही. आत दहा-वीस अ‍ॅप उघडी पडलेली असतात.

दुसरं, जागा. गुड मॉर्निंगचे फोटो आणि लग्नाचे व्हिडिओ यांनी फोन गच्च भरला असेल तर नवीन तुकडे साठवायला जागाच उरत नाही. दर रविवारी थोडं झाडून काढा.

तिसरं, तारीख आणि वेळ. हे मी स्वतःच्या फजितीतून शिकले. माझ्या पहिल्या ऑनलाइन प्रशिक्षणाच्या दिवशी फोनची बॅटरी पूर्ण उतरली होती. चार्ज करून लावला तर काहीच उघडेना. मला वाटलं रेंज नाही. म्हणून टेकडीवर जाऊन उन्हात चाळीस मिनिटं बसले. शेवटी भाच्याने बघितलं, फोनमध्ये तारीख दोन वर्षं मागची पडली होती! तारीख चुकीची असली की अ‍ॅप आणि पलीकडचा सर्व्हर यांची ओळख पटत नाही, आणि एरर येते. सेटिंगमध्ये तारीख-वेळेच्या जागी जाऊन ती आपोआप लागेल असं करून ठेवा.

चौथं, बॅटरी सेव्हर आणि डेटा सेव्हर. हे चालू असले तर फोन स्वतःच नेटला आवर घालतो. व्हिडिओपुरते बंद करून बघा.

आणि चित्र दिसतंय पण आवाज नाही? मग फोन कुठल्यातरी ब्लूटूथला जोडलेला आहे का बघा. आवाज घरातल्या स्पीकरमधून येत असतो आणि आपण फोन हलवत बसतो.

तिसरी जागा : अ‍ॅप

नेट चांगलं, फोन चांगला, बाकी सगळं चालतं, पण एकच अ‍ॅप रुसलंय. तर आधी ते अ‍ॅप पूर्ण बंद करून उघडा. तरी नाही, तर प्ले स्टोअरमध्ये जाऊन अपडेट मागतंय का बघा. जुनं अ‍ॅप कधीकधी चालेनासं होतं.

तरीही नाही, तर कॅशे साफ करा. सेटिंगमध्ये जा, अ‍ॅप्स उघडा, ते अ‍ॅप निवडा, स्टोरेज दाबा. तिथं दोन बटणं असतात. क्लिअर कॅशे आणि क्लिअर डेटा. इथं नीट लक्ष द्या. क्लिअर कॅशे म्हणजे अंगण झाडणं, नुसता साठलेला कचरा जातो. क्लिअर डेटा म्हणजे घरातलं सामानच बाहेर काढणं. मग पुन्हा लॉगिन करावं लागतं, अ‍ॅपमध्ये उतरवून ठेवलेले व्हिडिओही जातात. आधी नेहमी कॅशे. पासवर्ड माहीत असल्याशिवाय दुसऱ्या बटणाला हात लावू नका.

फोन फारच जुना असेल तर काही अ‍ॅप त्यावर अपडेटच होत नाहीत. तेव्हा तोच व्हिडिओ क्रोममधून उघडता येतो का बघा.

चौथी जागा : व्हिडिओ स्वतः

ही जागा आपण सगळ्यात शेवटी बघतो, पण पुष्कळदा उत्तर इथंच असतं. व्हिडिओ टाकणाऱ्याने तो काढून टाकलेला असतो, किंवा ठरावीक लोकांनाच दिसेल असा करून ठेवलेला असतो. लाइव्ह कार्यक्रम अजून सुरूच झालेला नसतो. लिंक पुढे पाठवताना अर्धीच कॉपी झालेली असते. व्हॉट्सअ‍ॅपवर जुना व्हिडिओ वेळेत उतरवून घेतला नसेल तर तो नंतर उतरत नाही, पुन्हा पाठवायला सांगावं लागतं.

पैसे भरून बघायच्या अ‍ॅपमध्ये आणखी दोन कारणं असतात. वर्गणी संपलेली असते, किंवा एकाच खात्यावर घरातले चार जण चार फोनवर बघत असतात. बऱ्याच प्लॅनमध्ये एकावेळी किती फोनवर बघायचं याला मर्यादा असते. मुलाने पुण्यात क्रिकेट लावलं की आईची मालिका बंद!

विहिरीतच पाणी नसेल तर मोटार कितीही दुरुस्त करा. अशा वेळी पाठवणाऱ्याला विचारायचं, "ही लिंक चालते का? पुन्हा पाठवा." यात कमीपणा काही नाही.

आता खरी गोष्ट

इथपर्यंत सगळं नेटाचं आणि बटणांचं झालं. आता जे सांगते ते पैशाचं आहे. आपल्यातल्याच एका बहिणीने परवानगी दिली म्हणून सांगतेय. नाव विचारू नका.

ती दुपारी मोबाइलवर मालिका बघत होती. मध्येच बंद पडली आणि एरर आली. तिने गुगलवर त्या अ‍ॅपचा कस्टमर केअर नंबर शोधला. वरच एक नंबर दिसला. तिने फोन लावला. पलीकडचा माणूस गोड बोलला. म्हणाला, "मावशी, दोन मिनिटांत दुरुस्त करून देतो, हे एक मदतीचं अ‍ॅप घ्या." तिने घेतलं. त्यावर आलेला नंबर वाचून दाखव म्हणाला, तिने दाखवला. मग म्हणाला, "खातं तपासायला फक्त एक रुपया पाठवा." तिने पिन टाकला. ते मदतीचं अ‍ॅप म्हणजे तिच्या फोनचा पडदा त्याला दाखवणारं अ‍ॅप होतं. ती काय दाबते, कुठला ओटीपी येतो, सगळं त्याला दिसत होतं. बोकड विकून आलेले साडेनऊ हजार गेले.

त्याच पैशातून तिला गटाच्या कर्जाचा हप्ता भरायचा होता. ती दोन बैठकांना आली नाही. आम्ही काय बोललो? "पैसे आले की बाई दिसेनाशी झाली." मीसुद्धा बोलले. खोटं कशाला सांगू. तीन आठवडे तिने नवऱ्याला सांगितलं नाही, आम्हाला सांगितलं नाही. "हसतील" म्हणून. शेवटी सांगितलं तेव्हा आम्ही १९३० या नंबरवर तक्रार केली. तक्रार नोंदली गेली, पण हा नंबर लवकरात लवकर लावला तर पैसे वाटेत अडवता येण्याची शक्यता असते. तीन आठवड्यांनी काय अडवणार? पैसे अजून आलेले नाहीत.

म्हणून मी म्हणते, तिचे पैसे त्या माणसाने नेले हे खरं, पण तीन आठवडे नेले ते लाजेने. आणि ती लाज आपण सगळ्यांनी मिळून तयार केली. "तुला काय कळतं मोबाइलमधलं" हे वाक्य घरात, गटात, बैठकीत कोण म्हणतं? आपणच.

तर एवढं पाठ करा. व्हिडिओ दुरुस्त करण्यासाठी कधीही ओटीपी लागत नाही. पिन लागत नाही. एक रुपयासुद्धा पाठवावा लागत नाही. वर्गणी संपली असेल तर ती अ‍ॅपमध्ये जाऊनच भरायची, फोनवरच्या माणसाच्या सांगण्यावरून नाही. कस्टमर केअरचा नंबर गुगलवर शोधायचा नाही, अ‍ॅपच्या आत 'मदत' किंवा 'हेल्प' असतं तिथं जायचं. व्हिडिओ चालवायला नवीन प्लेअर घ्या, असं पडद्यावर आलं तर मागे फिरायचं. व्हॉट्सअ‍ॅपवर आलेली, नावाच्या शेवटी एपीके असलेली फाइल उघडायची नाही, मग ती लग्नपत्रिका म्हणून आलेली असो की सरकारी योजना म्हणून. अ‍ॅप फक्त प्ले स्टोअरमधून, तेही ओळखीच्या माणसाला विचारून. आणि चूक झालीच तर त्याच घटकेला १९३०, मग बँक, मग गट.

गटाने काय करायचं?

माझ्या तीन विनंत्या आहेत. एक, प्रशिक्षणाचा व्हिडिओ बैठकीच्या आदल्या दिवशी चालवून बघा, आणि जमलं तर उतरवून ठेवा. पहाटे उतरवा, किंवा ग्रामपंचायतीत वायफाय चालू असेल तर तिथं जाऊन. बैठकीत मग नेटची गरजच नाही. मी आता लशीचा व्हिडिओ असाच घेऊन जाते. त्या तेवीस जणींच्या गटात पुन्हा गेले, एका फोनवर आणि एका छोट्या स्पीकरवर सगळ्यांनी बघितला.

दोन, ऑनलाइन प्रशिक्षणात जिचं नेट तुटलं तिला गैरहजर धरू नका. तिला दुसऱ्या दिवशी व्हिडिओ दाखवा, मग हजेरी लावा.

तीन, प्रत्येक गटात दोघी जणी ठरवा, ज्यांना कुणीही कधीही फोन करून विचारेल, "असं आलंय, काय करू?" एक तरुण असू दे, एक वयस्कर. वयस्कर यासाठी की तिने शिकलेलं बघून बाकीच्यांची भीती जाते.

माझ्या घरी सासूबाई बासष्ट वर्षांच्या आहेत. परवा कीर्तन अडकलं तर मला हाक न मारता त्यांनी विमानाचं चिन्ह दाबलं, दहा अंक मोजले आणि पुन्हा दाबलं. कीर्तन सुरू झालं. माझ्याकडे बघून म्हणाल्या, "लाईट नव्हती गं, मोटार बरी हाय."

एवढंच सांगायचं होतं. नमस्कार.

(सभेत ठरलं : प्रत्येक गटाने पुढच्या बैठकीत दोघींची नावं लिहून ग्रामसंघाकडे द्यावीत. १९३० हा नंबर गटाच्या इतिवृत्त वहीच्या पहिल्या पानावर मोठ्या अक्षरात लिहावा.)